भोकरदन
महाराष्ट्र राज्याच्या जालना जिल्ह्यातील तालुक्याचे मुख्य ठिकाण व बाजारपेठ. जालना शहराच्या उत्तरेस, पूर्णेला मिळणाऱ्या केळणा नदीच्या काठी वसले आहे. येथे नगर परिषद आहे. तालुका पूर्वी हैदराबाद संस्थानातील औरंगाबाद जिल्ह्यात होता; १ मे १९८१ रोजी जालना जिल्हा झाल्यावर त्यात आला.

गावाचे प्राचीन नाव भोगवर्धन. प्रतिष्ठान (पैठण) व उज्जयिनी यांना जोडणाऱ्या व्यापारी मार्गावरील हे नगर सातवाहन काळात भरभराटीस आले. सांचीच्या स्तूपावरील दानलेखांत येथील दात्यांचा उल्लेख आहे. १९७३ मध्ये नागपूर व मराठवाडा विद्यापीठांनी शां. भा. देव आणि र. शं. गुप्ते यांच्या नेतृत्वाखाली येथे उत्खनन केले. त्यात सातवाहनकालीन नाणी, मणी, शंखाच्या बांगड्या, मृण्मूर्ती व हस्तिदंती वस्तू मिळाल्या. त्यांतील स्त्रीमूर्तीचा हस्तिदंती भग्न अवशेष विशेष महत्त्वाचा ठरला. इटलीतील पाँपेई हे शहर इ. स. ७९ मध्ये व्हीस्यूव्हिअसच्या उद्रेकात गाडले गेले. तेथे १९३८ मध्ये सापडलेल्या भारतीय हस्तिदंती मूर्तीशी त्याचे निकटचे साम्य आहे. त्यावरून ती मूर्ती येथे घडली असावी, असे काही अभ्यासक मानतात. मात्र तिच्यावरील खरोष्ठी अक्षरामुळे वायव्य भारताकडेही निर्देश होतो.

केळणेच्या काठी खडकात कोरलेले लहान लेणे असून त्यात वैष्णव शिल्पे आहेत. तेथील कोरीव लेखाचे वळण आठव्या-नवव्या शतकातील आहे.

सप्टेंबर १८०३ मध्ये शिंदे व नागपूरकर भोसले यांच्या फौजांची छावणी केळणेच्या काठाने भोकरदनपासून पूर्वेकडे असईपर्यंत पसरली होती. घोडदळ भोकरदनच्या बाजूस, तर पायदळ व तोफखाना असईकडे होता. २३ सप्टेंबरला इंग्रज सेनापती आर्थर वेलस्लीने असईच्या बाजूने हल्ला केला. नदीच्या दोन्ही काठांवर समोरासमोर गावे दिसताच तेथे उतार असलाच पाहिजे, असा तर्क करून त्याने सैन्य पलीकडे नेले. केळणा व जुई या नद्यांमधील या लढाईत इंग्रजांचा जय झाला, पण त्यांची मनुष्यहानीही मोठी झाली. हाच वेलस्ली पुढे १८१५ मध्ये वॉटर्लू येथे विजयी झाला.

तालुक्यात कापूस, मका, सोयाबीन व मिरची ही महत्त्वाची पिके होतात. पिंपळगाव रेणुकाई येथील हिरव्या मिरचीचा बाजार प्रसिद्ध असून तेथून परराज्यांत माल जातो.

परिसरातील प्रेक्षणीय स्थळांत अन्वा येथील यादवकालीन महादेव मंदिर उल्लेखनीय आहे. त्याच्या बाह्यभिंतींवर विष्णूच्या आयुधांसह स्त्रीरूपातील मूर्ती कोरलेल्या आहेत. जालना मार्गावरील राजूर हे गणपतीच्या साडेतीन पीठांपैकी एक मानले जाते. चतुर्थीला, विशेषतः अंगारकीला, तेथे मोठी गर्दी होते. जाळीचा देव हे महानुभाव पंथीयांचे तीर्थस्थान आहे.