वैमानिकांची सैद्धांतिक परीक्षा आणि संगणकाधारित स्वाध्याय : अमेरिकेतील अनुभव

संगणकाच्या साहाय्याने स्वाध्याय ही कल्पना विमानवाहतुकीत विद्यापीठातून आली. इलिनॉय विद्यापीठात १९६० मध्ये डोनाल्ड बिट्झर यांनी 'प्लेटो' ही अध्यापन प्रणाली विकसित केली. पुढे कंट्रोल डेटा कॉर्पोरेशनने तिचा व्यापारी प्रसार केला व विमान कंपन्यांच्या प्रशिक्षणातही तिचा उपयोग झाला. विद्यार्थ्याने स्वतःच्या गतीने शिकावे आणि चूक तत्क्षणी उमगावी, हा तिचा मूळ हेतू होता.

वैयक्तिक संगणक घरोघरी आल्यावर मात्र हा हेतू संकुचित झाला. त्याचे कारण संगणकात नसून परीक्षेच्या स्वरूपात शोधावे लागते. अमेरिकेच्या संघीय विमानवाहतूक प्रशासनाची परीक्षा बहुपर्यायी. प्रत्येक प्रश्नास तीन पर्याय, उत्तीर्णतेस ७० गुण. शिवाय प्रश्नपेढी दीर्घकाळ सर्वांस खुली होती. साहजिकच शिकवणाऱ्या आज्ञावलीची जागा प्रश्न घोटवून घेणाऱ्या आज्ञावलीने घेतली. विमानाच्या भारसंतुलनाचे गणित न मांडताही, केवळ आकडा ओळखीचा वाटतो म्हणून अचूक पर्याय निवडता येऊ लागला. (आपल्याकडील 'अपेक्षित प्रश्नसंच' पाहिलेल्या अध्यापकांस हे नवे वाटू नये.)

१२ फेब्रुवारी २००९ रोजी बफेलोजवळ कोलगन एअरचे ३४०७ क्रमांकाचे उड्डाण कोसळून ५० जण मृत्युमुखी पडले. स्टॉलची पूर्वसूचना मिळताच विमानाचे नाक खाली करावयाचे असते. कॅप्टनने नियंत्रक दांडा उलट मागे ओढला. या चुकीचे खापर घरगुती स्वाध्यायावर फोडणे अनैतिहासिक ठरेल. तथापि अपघातानंतर वैमानिकांच्या एकूण तयारीविषयीच प्रश्न उपस्थित झाला. ऑगस्ट २०१० मध्ये कायदा झाला आणि १ ऑगस्ट २०१४ पासून विमान कंपनी वैमानिकाच्या लेखी परीक्षेस बसण्यापूर्वी ३० तासांचे वर्गाध्यापन व १० तासांचे सिम्युलेटर प्रशिक्षण अनिवार्य ठरले. तोवर कोणत्याही शिक्षकाच्या शिफारशीवाचून, घरी अभ्यास करून ही परीक्षा देता येत असे. मुदत संपण्यापूर्वी जुनी परीक्षा उरकून घेण्यासाठी उमेदवारांची धावपळ झाली. तिचा निकाल २४ महिनेच ग्राह्य होता, पण नव्या अभ्यासक्रमाचा खर्च त्याहून जड वाटला असावा.

युरोपने निराळी वाट धरली. तेथे ६५० तासांचा सैद्धांतिक अभ्यासक्रम दूरशिक्षणाने करता येतो, मात्र किमान १० टक्के वेळ प्रत्यक्ष वर्गात द्यावा लागतो. अमेरिकेत वर्गाची अट आली, तरी लेखी परीक्षा बहुपर्यायीच राहिली. ३० तास वर्गात बसून आलेला उमेदवार तयारीसाठी पुन्हा संगणकावरील प्रश्नसंचांकडेच वळतो.