नळांतील पाणी आणि मोरींतील वांक



तोटी फिरविली कीं पाणी येतें, मोरींत ओतलें कीं तें जातें. यापलीकडे आपण सहसा विचार करीत नाहीं. माझें आजोळ दर्यापुराकडील खारपाणपट्ट्यांतलें. विहीर दारीं, परंतु पाणी खारें. गोडें पाणी आणण्यांत घरांतील स्त्रियांची सकाळ सरे. पाणी असणें निराळें आणि पिण्याजोगें पाणी घरीं पोंचणें निराळें, हें मला तेथें कळलें.

पाणी पोंचविणारी मूळ शक्ति म्हणजे उंची. तें सखल जागीं धावतें, आणि बंद नळांतून मूळच्या पातळीइतकें वर चढूं पाहतें. सन १६१५ च्या सुमारास अब्दुर्रहीम खानखानान यानें सातपुड्याच्या पायथ्याचें पाणी भुयारांतून बऱ्हाणपुरास आणलें, तें उताराच्याच बळावर. अमरावतीकरांसाठीं १८८८ सालीं छत्री तलाव बांधला गेला. आज अमरावतीस सिंभोऱ्याच्या अप्पर वर्धा धरणाचें आणि अकोल्यास महानच्या काटेपूर्णा धरणाचें पाणी मिळतें. उंच टाकींत तें पंपानें चढवितात. पुढें घरोघर नेण्याचें काम उंचीच करते. पाण्याची पातळी दहा मीटर उंच असली, तर तळाशीं दर चौरस सेंटिमीटरवर सुमारें एक किलो भार पडतो.

हा भार आपला रक्षकहि आहे. नळ भरलेला असतां फटींतून पाणी बाहेर पडतें. तो रिता झाला, कीं त्याच फटींतून गटाराचें पाणी आंत शिरूं शकतें. म्हणून सार्वजनिक नळास थेट मोटार लावणारा गृहस्थ शेजाऱ्याचें पाणी तर ओढतोच, परंतु कदाचित् आपल्याच मुलांच्या पेल्यांत घाणहि ओढतो.

दुसरा रक्षक मोरीखालीं असतो. सन १७७५ मध्यें लंडनमधील अलेक्झांडर कमिंग नांवाच्या घड्याळजीनें शौचकूपाखालील नळास वांक देऊन त्याचें पेटंट घेतलें. वांकांत थोडें पाणी अडून राहतें, आणि गटाराची दुर्गंधि त्यापलीकडेच थांबते. आपल्या नहाणी-ट्रॅपचें मर्म तेंच. वऱ्हाडच्या वैशाखांत घर महिनाभर बंद राहिलें, कीं हें पाणी सुकतें, घरांत दुर्गंधि येते, आणि आपण गवंड्यास दोष देतों! तांब्याभर पाणी ओतावें; बहुधा तेवढ्यानें भागतें.

डोक्यावरून पाणी आणणाऱ्या त्या स्त्रियांनीं पिण्याचा माठ मोरीजवळ कधीं ठेवूं दिला नाहीं. नळ भिंतींत दडले आणि तो विवेक नजरेआड झाला. घरांतील पाणी कोठून येतें आणि कोठें जातें, एवढें तरी मुलांना एकदां हिंडून दाखवावें.