कासुले

दक्षिण फ्रान्सच्या लांगदॉक प्रदेशातील एक पारंपरिक पदार्थ. पांढरा सुका घेवडा, डुकराच्या मांसाचे सॉसेज, बदकाचे अथवा हंसाचे चरबीत शिजवून टिकवलेले मांस आणि डुकराची कातडी एका मातीच्या पात्रात थरांनी रचून ती मंद भट्टीत काही तास शिजवतात. पृष्ठभागावर तपकिरी पापुद्रा धरला, की पदार्थ तयार झाला असे मानतात. कास्तेलनोदारी, कार्कासोन आणि तुलूझ या तीन शहरांचे कासुले विशेष प्रसिद्ध आहेत. त्यांत कोणते मांस घालावे यावर या शहरांचे एकमत नाही, मात्र घेवडा तिन्ही ठिकाणी अटळ आहे. मांसाची ख्याती मोठी असली तरी कासुले हा मूलतः कडधान्याचा पदार्थ आहे.

पात्र : ज्या पात्रात हा पदार्थ शिजतो त्याला ‘कासोल’ म्हणतात आणि त्यावरूनच पदार्थाला नाव मिळाले. आतून झिलई दिलेले हे मातीचे पात्र कुंडीसारखे तळाशी अरुंद व तोंडाशी रुंद असते. कास्तेलनोदारीजवळचे इसेल हे गाव या भांड्यांसाठी पूर्वापार ओळखले जाते. रुंद तोंडामुळे रश्शाचा मोठा पृष्ठभाग भट्टीच्या कोरड्या उष्णतेला उघडा राहतो व त्यावर पापुद्रा धरतो. अरुंद तळाशी मात्र ओल टिकून राहते. पूर्वी घरोघरी भट्ट्या नसत. त्यामुळे भरलेली पात्रे गावच्या पाववाल्याकडे नेऊन देत आणि पाव भाजून झाल्यावर निवत चाललेल्या भट्टीत ती शिजत. मोंतान्य न्वार डोंगरातील काटेरी झुडपांच्या सरपणावर तापलेली भट्टी कासुलेसाठी उत्तम, असे जुने जाणकार मानत.

इतिहास व आख्यायिका : कास्तेलनोदारी हे ओद जिल्ह्यातील लहानसे शहर १७व्या शतकात खोदलेल्या कानाल द्यू मिदी या कालव्याच्या काठी वसलेले आहे. तेथे सांगितली जाणारी कथा शतवार्षिक युद्धाच्या काळातील आहे. इंग्रजांच्या वेढ्यात सापडलेल्या नगरवासीयांनी घरात उरलेसुरले सगळे धान्य आणि मांस एका मोठ्या पात्रात शिजवले, ते खाऊन सैनिकांना बळ चढले आणि त्यांनी शत्रूला पिटाळून लावले, असे ती सांगते. इतिहासाला ही कथा मान्य नाही. इंग्लंडचा राजपुत्र एडवर्ड याने १३५५ मध्ये हे शहर जाळले होते. शिवाय आज कासुलेत पडणारा घेवडा (फॅसिओलस व्हल्गॅरिस) मूळचा अमेरिका खंडातला असून कोलंबसाच्या सफरींनंतर, १६व्या शतकात तो युरोपात पोचला. त्याआधी या भागात मांसाबरोबर बाकला नावाचे जुने युरोपीय कडधान्य शिजवीत. म्हणजे पद्धत जुनी असली, तरी आजच्या रूपातील कासुले घेवडा आल्यानंतरचे आहे. फ्रान्सची राणी कातरिन द मेदिची ही या भागातील लोरागे परगण्याची सरदारीणही होती आणि घेवड्याचा प्रसार तिच्यामुळे झाला, असेही सांगतात. ही कथाही दंतकथांतच मोडते.

१९व्या शतकाच्या उत्तरार्धात रेल्वेने प्रवास वाढला, डबाबंद अन्नाचा उद्योग उभा राहिला आणि शेतकऱ्याच्या घरचे हे जेवण पॅरिसच्या खानावळींत पोचले. आनातोल फ्रान्स यांनी १९०३ च्या ‘इस्त्वार कोमिक’ या कादंबरीत पॅरिसमधल्या एका खानावळीच्या कासुलेचे वर्णन केले आहे. त्या खानावळीतले पात्र वीस वर्षे चुलीवरून उतरलेलेच नाही, त्यात अधूनमधून नवी भर तेवढी पडते, असा त्याचा आशय आहे. कार्कासोन येथे जन्मलेले प्रसिद्ध पाककोशकार प्रॉस्पर मोंतान्ये (१८६५–१९४८) यांनी १९२९ मध्ये तिन्ही शहरांच्या भांडणावर ख्रिस्ती त्रिमूर्तीच्या रूपकाने तोडगा काढला. त्यांच्या मते कास्तेलनोदारीचे कासुले पिता, कार्कासोनचे पुत्र आणि तुलूझचे पवित्र आत्मा होय. १९६६ मध्ये फ्रेंच खाद्यसंस्कृतीविषयीच्या एका परिषदेने प्रमाण ठरवून दिले : मांस किमान ३० टक्के आणि घेवडा, रस्सा, कातडी व मसाला मिळून ७० टक्के. कास्तेलनोदारीत १९७० मध्ये कासुलेचे रक्षण करणारे एक मंडळ स्थापन झाले. त्याचे सदस्य समारंभाच्या वेळी कासोलच्या आकाराची टोपी घालतात. दर वर्षी ऑगस्टच्या अखेरीस शहरात कासुलेचा उत्सव भरतो.

प्रकार : कास्तेलनोदारीच्या पद्धतीत डुकराचे मांस, सॉसेज, कातडी आणि हंस किंवा बदक असते. कार्कासोनमध्ये मेंढ्याचे मांस व शिकारीच्या हंगामात लाल तित्तिर घालण्याची रीत आहे. तुलूझच्या पात्रात तेथील नामांकित सॉसेजला मान असून बदकाबरोबर मेंढीचे मांसही चालते. टोमॅटो घालावा का, वर पावाचा चुरा भुरभुरावा का, हे वादाचे कायमचे मुद्दे आहेत. कास्तेलनोदारीकरांना दोन्ही मंजूर नाहीत. त्यांच्या मते चांगल्या कासुलेचा पापुद्रा स्वतःच्याच रसातून तयार होतो आणि चुरा घालणे म्हणजे आळशाची पळवाट.

घटक : घेवड्याचा ‘लँगो’ हा लांबट, पातळ सालीचा पांढरा वाण कास्तेलनोदारीत वापरतात. पिरेनीज पर्वताच्या पायथ्याचा तार्ब घेवडाही नावाजलेला असून त्याला २००० मध्ये युरोपीय संघाचे भौगोलिक संरक्षण मिळाले. महाराष्ट्रात बाजारात मिळणारा पांढरा राजमा याच जातीचा आहे. सातारा जिल्ह्यातील कोरेगाव भागाचा भौगोलिक मानांकनप्राप्त वाघ्या घेवडाही त्याच जातीतला, पण त्याने रश्शाला गडद रंग येतो. डबल बी ही वेगळी जात असून तिचे दाणे मोठे व पिठूळ असतात.

तुलूझचे सॉसेज कच्चे व जाडसर कुटलेल्या डुकराच्या मांसाचे असते. त्यात मीठ व मिरी याखेरीज फारसे काही नसते आणि त्याला धूरही देत नाहीत. दुकानांत गोठवून मिळणारी कॉकटेल सॉसेज आधीच शिजवलेली व बारीक वाटलेल्या मांसाची असतात. तासन्‌तास शिजवल्यास ती फुगून बेचव होतात, म्हणून वापरायचीच झाली तर शेवटच्या अर्ध्या तासात घालावीत. ‘कोंफी’ म्हणजे जाड मीठ चोळून रात्रभर ठेवलेली आणि मग स्वतःच्याच चरबीत मंद आचेवर शिजवून त्याच चरबीत बुडवून ठेवलेली बदकाची तंगडी. थंडपेट्या नव्हत्या त्या काळी मांस टिकवण्याची ही रीत होती. डुकराची कातडी दिसायला किरकोळ असली, तरी रश्शाला चिकटपणा तीच देते.

घरगुती कृती : कास्तेलनोदारीच्या पद्धतीने चौघांसाठी ४०० ग्रॅम सुका घेवडा, बदकाच्या कोंफीच्या २ तंगड्या (प्रत्येकीचे दोन तुकडे), सुमारे ८० ग्रॅमचे सॉसेजचे ४ तुकडे, डुकराच्या खांद्याचे किंवा नळीचे ४ तुकडे, २५० ग्रॅम कातडी, थोडी खारवलेली चरबी, लसूण, मिरी आणि रश्शासाठी कोंबडीची हाडे लागतात.

घेवडा रात्रभर गार पाण्यात भिजवतात. सकाळी ते पाणी फेकून नव्या पाण्यात पाच मिनिटे उकळतात व तेही पाणी टाकून देतात. कातडी, हाडे आणि हवे असल्यास कांदा-गाजर यांचा तासभर उकळून केलेला रस्सा गाळून घेतात. त्यात चरबीबरोबर वाटलेला लसूण घालून घेवडा शिजवतात. दाणा बोटचेपा व्हावा, पण साल फुटू नये. प्रेशर कुकर वापरायचा झाल्यास एका शिट्टीनंतर पाहावे, कारण आणखी तासन्‌तास शिजणे बाकी असते आणि आधीच मऊ झालेल्या दाण्यांचे भट्टीत पिठले होते. इकडे कोंफीची चरबी कढईत वितळवून सॉसेज व डुकराचे तुकडे तांबूस परततात. सॉसेजला टोचे मारत नाहीत, नाहीतर रस बाहेर येऊन ते कोरडे पडते.

पात्राच्या तळाला शिजलेली कातडी अंथरतात. त्यावर घेवड्याचा एक तृतीयांश भाग, मग मांस, मग उरलेला घेवडा अशी रचना करतात. सॉसेज वरच्या थरात असे रोवतात, की त्याची पाठ तेवढी दिसावी. घेवडा जेमतेम बुडेल एवढा गरम रस्सा ओततात, मिरी भुरभुरतात आणि चमचाभर चरबी सोडून पात्र न झाकता १५० ते १६० अंश सेल्सियसच्या भट्टीत दोन ते तीन तास ठेवतात. पृष्ठभागावर पापुद्रा धरला, की तो चमच्याच्या पाठीने हलकेच आत दाबतात. खालचे दाणे चिरडले जाणार नाहीत एवढे पाहावे लागते. रस आटून कोरडे वाटल्यास कडेने थोडा रस्सा घालतात. पापुद्रा सात वेळा मोडावा असा तेथील संकेत आहे. घरात तीन-चारदा मोडला तरी रश्शाला दाटपणा व रंग येतो. शेवटचा पापुद्रा मात्र मोडायचा नाही. आदल्या दिवशी करून ठेवलेले आणि दुसऱ्या दिवशी थोडा रस्सा घालून दीड तास पुन्हा तापवलेले कासुले अधिक मुरते, म्हणून जाणकार ते शिळेच पसंत करतात. पात्र भट्टीतून थेट पानाजवळ आणून त्यातूनच वाढतात. सोबत कोशिंबिरीचा पाला आणि कोर्बिएर किंवा मिनेर्व्ह्वा भागातली लाल वाइन असते.

डुकराचे मांस न खाणाऱ्यांना कातडीऐवजी मटणाचे पाय उकळून केलेला रस्सा आणि मीठ लावून रात्रभर ठेवलेल्या कोंबडीच्या तंगड्या वापरता येतात. लांगदॉकच्या माणसाला ते कासुले वाटणार नाही, मात्र दाणा आणि दाट रस्सा तसाच साधतो.

शिजण्याचे शास्त्र : दाण्याच्या पेशी पेक्टिन या द्रव्याने एकमेकींना चिकटलेल्या असतात. उष्णतेने ते विरघळले, की दाणा मऊ होतो. पाण्यातील कॅल्शियम पेक्टिनला घट्ट करते, म्हणून जड पाण्यात कडधान्य शिजता शिजत नाही. आंबट पदार्थांमुळेही पेक्टिन विरघळण्यास वेळ लागतो. त्यामुळे टोमॅटो किंवा व्हिनेगर घालायचे असेल, तर दाणा शिजल्यावर घालावे. मीठ घातल्याने दाणे कडक राहतात हा समज मात्र चुकीचा आहे. भिजवतानाच्या पाण्यात घातलेले मीठ सालीतील कॅल्शियमची जागा घेते आणि साल मऊ पडते. जुना, वर्षानुवर्षे साठवलेला घेवडा कितीही शिजवला तरी मऊ होत नाही, म्हणून ताज्या हंगामाचा माल घ्यावा. कातडीतील कोलॅजेनचे मंद उष्णतेत जिलेटिन बनते, तर दाण्यांतून सुटलेला स्टार्च रश्शाला दाट करतो. पिठाशिवायच रस्सा मिळून येतो तो या दोहोंमुळे. पृष्ठभागावर पाणी उडून प्रथिने, स्टार्च व चरबी यांचा थर सुकतो आणि तांबूस होतो. तो आत दाबला, की भाजलेली चव सगळ्या पात्रात उतरते आणि वर नवा थर धरू लागतो.

दक्षता व पोषण : कच्च्या घेवड्यात फायटोहिमॅग्लुटिनिन हे विषारी प्रथिन असते. लाल राजम्यात ते सर्वाधिक, पांढऱ्यात कमी असते. त्याने काही तासांत तीव्र उलट्या व जुलाब होऊ शकतात. मंद आचेच्या विद्युत पात्रात कच्चा राजमा घालणे म्हणूनच धोक्याचे आहे, कारण तेथील तापमान ते प्रथिन नष्ट करण्यास अपुरे पडू शकते. भिजवून पाणी फेकावे आणि मंद शिजवण्यापूर्वी दाण्यांना किमान दहा मिनिटे, लाल राजम्याला अर्धा तास, खळखळून उकळी द्यावी. ही उकळी वरील कृतीत रश्शात घेवडा शिजतानाच मिळते. पाणी बदलल्याने पोटात वायू धरणाऱ्या शर्कराही काही प्रमाणात निघून जातात. कच्चे सॉसेज आतपर्यंत ७१ अंश सेल्सियसला पोचले पाहिजे. सुक्या पांढऱ्या घेवड्यात दर १०० ग्रॅममागे सुमारे २३ ग्रॅम प्रथिने व १५ ग्रॅम तंतू असतात. चरबी मांसातून येते. नांगर धरणाऱ्या माणसाला दिवसभर पुरणारे हे जेवण बैठे काम करणाऱ्याने बेतानेच घ्यावे.

प्रसार व सजातीय पदार्थ : कासुले डबाबंद स्वरूपात फ्रान्सच्या किराणा दुकानांत सर्रास मिळते. घेवडा आणि सॉसेज यांची जोडी इतरत्रही रुजलेली आहे. स्पेनमधील आस्तुरियासची ‘फाबादा’ चोरिसो व रक्त घातलेल्या सॉसेजबरोबर चुलीवर शिजते. पोलंडमध्ये पांढरा घेवडा व सॉसेज टोमॅटोच्या रश्शात करतात. ब्रिटनमधील घरगुती ‘सॉसेज कॅसरोल’मध्ये डबाबंद घेवडाही सर्रास वापरतात. पोर्तुगालच्या ‘फेजोआदा’ची एक शाखा ब्राझीलमध्ये काळ्या घेवड्याची झाली. दुसरी गोव्यात आली आणि तेथील ख्रिस्ती घरांत स्थिरावली. गोव्याच्या चोरिसांत व्हिनेगर, लाल मिरची व लसूण मुरलेले असतात, त्यामुळे मसाला वेगळा घालावा लागत नाही. चोरिसांतून सुटलेल्या लाल चरबीत कांदा परतून, आधी पूर्ण शिजवलेला राजमा किंवा अळसांदे त्यात मिसळतात आणि पाव किंवा भाताबरोबर वाढतात. चोरिसांच्या आंबटपणात कच्चा दाणा शिजायला फार वेळ घेतो, म्हणून येथे दाणा आधी शिजवण्याची रीत पडली आहे. भट्टी आणि पापुद्रा या फेजोआदात नसतात, पण मांसाची चव दाण्यात उतरवण्याचे काम कासुलेप्रमाणे येथेही रस्साच करतो.