बुळकांडीच्या सावलीत लपलेला रोग: शेळ्यांमधल्या पीपीआरची गोष्ट

घरी शेळ्या असतील तर आजचा भाग नीट ऐका. नसतील तर गावाकडच्या कुणाला तरी पाठवा.

बुळकांडी हा शब्द आजी-आजोबांना विचारा. गोठेच्या गोठे रिकामे करणारा गाई-बैलांचा रोग. गंमत बघा, त्याच्या लसीत शेळीचा मोठा वाटा होता. 1889 मध्ये पुण्यात सुरू झालेली आणि पुढे कुमाऊँच्या डोंगरात मुक्तेश्वरला हललेली सरकारी प्रयोगशाळा होती. तिथे 1920 च्या दशकात एडवर्ड्स यांनी बुळकांडीचा विषाणू एका शेळीतून दुसरीत, दुसरीतून तिसरीत असा फिरवून सौम्य केला, आणि त्यातून गुरांसाठी लस आली.

पण शेळीचं स्वतःचं दुखणं? 1942 मध्ये पश्चिम आफ्रिकेतल्या आयव्हरी कोस्टमध्ये दोन फ्रेंच पशुवैद्यांनी लिहून ठेवलं, की शेळ्या बुळकांडीसारख्या रोगाने मरतायत, पण शेजारची गुरं ठणठणीत आहेत! तरी हा विषाणू वेगळाच आहे हे पक्कं व्हायला 1970 चं दशक उजाडलं. आपल्याकडे तो पहिल्यांदा ओळखला गेला 1987 मध्ये, तमिळनाडूतल्या अरसूर गावात. त्याआधी शेळ्या-मेंढ्यांत असं काही दिसलं की बुळकांडीच समजायचे. मला विचाराल तर यात निष्काळजीपणापेक्षा प्राधान्याचा प्रश्न जास्त होता. बैल मेला की शेती थांबायची. शेळी मेली तर फक्त गरिबाचं घर थांबायचं.

आणखी एक अडचण होती. शेळ्यांना पीपीआरपासून वाचवायला बुळकांडीचीच लस टोचायचे, कारण दोन्ही विषाणू भाऊ-भाऊ. पण बुळकांडी संपली हे सिद्ध करायचं तर ती लस बंद करणं भाग होतं, नाहीतर रक्ततपासणीत रोग कुठला आणि लस कुठली हे कळणार कसं? मग शेळीला स्वतःची लस मिळाली. हिमाचलातल्या सुंगरीच्या विषाणूवरून मुक्तेश्वरलाच तयार झालेली ‘सुंगरी 96’ आजही वापरात आहे. बुळकांडी 2011 मध्ये जगातून गेली.

आता ओळखायचं कसं? आधी 104 ते 106 फॅरनहाइट ताप. नाका-डोळ्यांतून पाणी, मग घट्ट पिवळा शेंबूड. तोंडात फोड, घाण वास, हगवण, धाप. करडं पटापट जातात. मावा असेल तर खपल्या मुख्यतः ओठांवर येतात, हगवण सहसा नसते. लाळ्या-खुरकुतात जनावर लंगडतं, इथे तसं होत नाही.

विषाणूवर औषध नाही. आजारी शेळी लगेच वेगळी बांधा, पाणी-मीठ-साखर पाजत राहा, डॉक्टरांना बोलवा. प्रतिजैविकं देतात ती न्यूमोनियासारख्या मागून येणाऱ्या संसर्गासाठी. बाजारातून आणलेली शेळी तीन आठवडे कळपात सोडू नका, आणि आजारी शेळी स्वस्तात विकून टाकू नका. रोग तसाच गावोगाव जातो. माणसाला मात्र तो होत नाही.

करडू चार महिन्यांचं झालं की लस टोचून घ्या, निदान तीन वर्षं चालते. 2015 मध्ये आयव्हरी कोस्टमधल्याच आबिजानला जगभरच्या देशांनी 2030 पर्यंत पीपीआर संपवायचं ठरवलं. सरकारी दवाखान्यात पुढची मोहीम कधी आहे, उद्याच विचारा.