तळटीप : अपील आणि बंधनकारक निवाडा

* जुन्नर किंवा घोडेगाव (ता. आंबेगाव) येथील दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यावर पहिले अपील सामान्यतः जिल्हा न्यायालयात होते. दुसरे अपील मुंबई उच्च न्यायालयात होते; पण दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १०० प्रमाणे त्यासाठी कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असावा लागतो. संविधानाच्या कलम १४१ नुसार सर्वोच्च न्यायालयाने सांगितलेला कायदा या तिन्ही पायऱ्यांवर बंधनकारक आहे. वडिलोपार्जित जमिनीच्या वाटपाच्या दाव्यांत त्याचा परिणाम ठळकपणे दिसतो. ‘प्रकाश वि. फुलवती’ (२०१५) या निवाड्यानुसार हिंदू उत्तराधिकार कायद्यातील दुरुस्ती लागू होण्याआधी, म्हणजे ९ सप्टेंबर २००५ पूर्वी, वडील वारले असल्यास मुलीला सहदायकाचा (एकत्र कुटुंबाच्या मालमत्तेतील वाटेकऱ्याचा) हिस्सा मिळत नसे. ‘विनीता शर्मा वि. राकेश शर्मा’ या खटल्यात त्रिसदस्य पीठाने ११ ऑगस्ट २०२० रोजी तो निवाडा रद्द ठरवला आणि हा हक्क जन्मसिद्ध मानला. अपील म्हणजे मूळ दाव्याचाच पुढचा टप्पा. त्यामुळे प्रलंबित अपिलांनाही नवा कायदा लागू झाला. मात्र २० डिसेंबर २००४ पूर्वी नोंदणीकृत दस्ताने किंवा न्यायालयाच्या हुकूमनाम्याने झालेली वाटणी कायम राहते. म्हणून वाटपाचा जुना निकाल वाचताना वाचकाने आधी त्याची तारीख पाहावी. — संपादक