कातड्यापासून जोड्यापर्यंत

'पायातली वहाण पायातच बरी' ही म्हण आपण इतक्या सहजपणे उच्चारतो की, तिचा रोख वहाणेपेक्षा माणसाकडे अधिक आहे, हे आपल्या ध्यानातही येत नाही. जी वस्तू उंबरठ्याबाहेर काढून ठेवावयाची, तिच्या कर्त्यालाही वेशीबाहेर ठेवावयाचे, असा आपल्या समाजाचा जुना हिशेब होता. त्यामुळे राजांचे, लढायांचे आणि तहनाम्यांचे इतिहास लिहिले गेले, मलमलीचा आणि निळीचाही इतिहास लिहिला गेला. जोड्याच्या वाट्याला मात्र इतिहासकार क्वचितच आला. आणि तरीही आज पादत्राणांच्या उत्पादनात चीनच्या खालोखाल भारताचा क्रमांक लागतो. वर्षाकाठी दोन अब्जांहून अधिक जोड या देशात तयार होतात, आणि त्यांतील काही युरोप-अमेरिकेच्या दुकानांत जाऊन बसतात.

हा धंदा ज्या शहरांत वाढला, त्यांची नावे नोकरीनिमित्त परप्रांतांत राहिलेल्या आम्हां मराठी मंडळींना अपरिचित नाहीत. कानपूर, आग्रा, कलकत्ता, मद्रास ही नावे बदलीच्या हुकमांत आम्ही अनेकदा वाचली आहेत. त्या शहरांना जोडणारा कातड्याचा धागा उलगडून पाहावा, एवढाच या लेखाचा हेतू आहे. तो उलगडताना एकच प्रश्न मनाशी धरू : जनावराच्या अंगावरून निघालेल्या कातड्याचा जोडा होईपर्यंत त्याला जे मोल चढत जाते, ते कोठे चढले आणि कोणाच्या पदरात पडले?

गावगाड्यात या प्रश्नाचे उत्तर सोपे होते. मेलेले जनावर ओढणारा, कातडे कमावणारा आणि वहाणा व मोटा शिवणारा हे सारे गावातलेच. ढोराने बाभळीच्या सालीच्या पाण्यात कातडे मुरवावे, चांभाराने रापीने ते कापून आरीने शिवावे, आणि खळ्यावर बलुत्याचे धान्य घ्यावे, अशी ती रीत. या व्यवस्थेत मान नव्हता, पण कातड्याचे जे काही मोल होई, ते गावाच्या शिवेबाहेर सहसा जात नसे. ही शीव ओलांडली गेली ती एकोणिसाव्या शतकात, आणि ती दोन निरनिराळ्या वाटांनी.

पहिली वाट लष्कराची. १८५७ च्या उठावानंतर हिंदुस्थानातील इंग्रजी फौजेची नव्याने बांधणी झाली. फौज म्हटली की घोड्यांचे खोगीर, लगाम, पट्टे आणि बूट आलेच. हे सामान विलायतेहून आणणे खर्चाचे. गंगाकाठचे कानपूर या कामाला सोईचे ठरले. आसपास बाभळीची झाडे विपुल, जनावरांचा बाजार जवळ, आणि पुढे रेल्वेही आली. १८६० च्या दशकात तेथे सरकारी खोगीरखाना उभा राहिला, आणि १८८० च्या सुमारास कूपर ॲलन या कंपनीने लष्करी बुटांचा कारखाना काढला. पहिल्या महायुद्धात या कारखान्याने फौजेला बुटांचा अखंड पुरवठा केला. १९२० साली तो ब्रिटिश इंडिया कॉर्पोरेशन या मोठ्या उद्योगसमूहात सामील झाला. कानपूरच्या कारखान्यांत आसपासच्या खेड्यांतील चर्मकार मजूर म्हणून आले. हातांतले कसब तेच होते, पण गिऱ्हाईक आता समोर उभे राहत नव्हते. त्याचा पाय केवळ एका क्रमांकाने ओळखला जाऊ लागला.

दुसरी वाट व्यापाराची. हिंदुस्थानचे पशुधन जगातील सर्वांत मोठ्या पशुधनांपैकी एक. कलकत्त्याच्या बंदरातून खारवलेली व वाळवलेली कच्ची कातडी जहाजे भरभरून बाहेर जात. पहिल्या महायुद्धापूर्वी या व्यापारावर जर्मन पेढ्यांची घट्ट पकड होती, आणि हिंदुस्थानी कातडी हँबुर्ग-ब्रेमेनच्या मार्गाने जर्मनी-ऑस्ट्रियाच्या कारखान्यांत पोचत. मद्रासकडची गोष्ट थोडी वेगळी होती. तेथील कमावणारे तरवडाच्या सालीत कातडे मुरवीत आणि हिरड्याने त्याला उजाळा देत. हा हिरडा पुष्कळ अंशी आपल्या सह्याद्रीच्या रानांतला. आज तो विकणाऱ्या आदिवासीला त्याच्या या जुन्या प्रवासाची कल्पनाही नसेल. असे अर्धवट कमावलेले कातडे लंडनच्या बाजारात 'ईस्ट इंडिया किप' या नावाने विकले जाई, आणि इंग्रज सैनिकाच्या बुटाचा वरचा भाग त्याचाच होई. म्हणून पहिल्या महायुद्धात मद्रासचे हे सारे कातडे सरकारने आपल्या ताब्यात घेतले होते.

युद्ध संपल्यावर सरकारला जाग आली. शत्रूच्या कारखान्यांना आपल्याच वसाहतीतून कच्चा माल मिळत होता, हे पुन्हा होऊ नये म्हणून सप्टेंबर १९१९ मध्ये कच्च्या कातड्यांवर शेकडा १५ निर्यातकर बसविण्यात आला. हिंदुस्थानात कातडे कमावण्याचा धंदा वाढावा, असा हेतू सांगितला गेला. परंतु त्याच कायद्यात एक लहानसे कलम होते : साम्राज्यातील देशांत जाणाऱ्या मालाला दोनतृतीयांश सूट. ते वाचले की हेतूचे खरे स्वरूप कळते. कातडे हिंदुस्थानातच राहावे ही चिंता दुय्यम होती. ते हँबुर्गऐवजी साम्राज्याच्या हद्दीत जावे, ही मुख्य. शिवाय युद्धोत्तर मंदीत कच्च्या मालाच्या व्यापाऱ्यांनी ओरड केली, आणि १९२३ साली कर शेकडा ५ वर आणून सूटही रद्द झाली. देशी धंद्याला संरक्षण देण्याचा तो पहिला प्रयत्न अवघ्या चार वर्षांत विरला.

याच सुमारास काही थोर माणसे हा प्रश्न दुसऱ्या टोकाकडून हाताळीत होती, त्यांचा उल्लेख न करून चालणार नाही. आपल्याकडचे बहुतेक कातडे आपोआप मेलेल्या जनावराचे. ते वेळेवर आणि नीट सोलले गेले नाही की खराब होते, आणि हे काम करणारा तर अस्पृश्य ठरलेला. गांधीजींच्या प्रेरणेने १९३० च्या दशकात वर्ध्याजवळ नालवाडी येथे चर्मालय निघाले. पुढे कणकवलीच्या गोपुरीत अप्पासाहेब पटवर्धनांनी, स्वतः ब्राह्मण कुळातले असून, मेलेली जनावरे सोलण्याचे काम हाती घेतले. हे प्रयत्न आकाराने लहान होते. पण कातड्याचे मोल वाढवावयाचे तर ते सोलणाऱ्याचे मोल आधी वाढवावे लागेल, हे जितके या माणसांनी ओळखले, तितके कोणत्याही निर्यातकराने ओळखले नाही.

इकडे शहरी माणसाच्या पायांत जोडा घातला तो एका परदेशी कारखानदाराने. चेकोस्लोव्हाकियातील झ्लीन गावच्या बाटा कंपनीने १९३१ साली हिंदुस्थानात पाय रोवला. प्रथम कोन्नगर येथे काम सुरू झाले, आणि १९३४ मध्ये कलकत्त्याखाली हुगळीच्या काठी बाटानगरची पायाभरणी झाली. कारखाना, कामगारांची घरे, शाळा असे सारे गावच त्यांनी वसविले. रबराचे व कॅनव्हासचे स्वस्त बूट, ठरलेली किंमत आणि गावोगावी सारखी दुकाने यांनी लोकांची मने अशी जिंकली की 'बाटा' हे नाव विदेशी आहे, याची पुष्कळांना आजही शंका येत नाही. कलकत्त्याच्या बेंटिंक स्ट्रीटवरचे चिनी जोडेवाले आणि टांगऱ्याचे चिनी चर्मकार आपापल्या जागी टिकून राहिले, तरी बाजाराचा भाव आता यंत्र ठरवू लागले होते.

यंत्रापुढे न वाकलेले मोठे गाव म्हणजे आग्रा. ताजमहाल पाहून परतणाऱ्या प्रवाशाला हिंग की मंडी सहसा कोणी दाखवीत नाही. पण जोड्यांच्या घाऊक बाजाराचे ते नाक. शहराच्या जाटव वस्त्यांत घरोघर जोडे होतात. घरातला कर्ता कापतो, दुसरा फरम्यावर चढवतो, बायकामुले हाताखाली असतात. तयार माल टोपलीत घालून कारागीर मंडीत नेतो, आणि येथे त्याची खरी परीक्षा सुरू होते. व्यापारी त्याला रोख पैसे देत नाही. देतो तो 'परचा'. परचा म्हणजे दोन-तीन महिन्यांनी पैसे देण्याचे वचन लिहिलेली चिठ्ठी. कारागिराला तर उद्याच्या कामासाठी आजच कातडे हवे, आणि चुलीलाही आजच पीठ हवे. तेव्हा तो ती चिठ्ठी कटौती सोसून दुसऱ्याला विकतो, किंवा कातडेवाल्याला देऊन महाग भावाने कातडे घेतो. व्यापाऱ्याचे भांडवल असे कारागिराच्याच घामातून उभे राहते. १९४७ च्या फाळणीत मंडीतील अनेक मुसलमान व्यापारी निघून गेले, आणि त्यांच्या गाद्यांवर पंजाबातील निर्वासित येऊन बसले. गादीवरचा माणूस बदलला. परचा तसाच राहिला.

याच आग्र्यात १९५६ च्या मार्च महिन्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकर आले होते. महाराष्ट्राबाहेर त्यांच्या चळवळीने जी घरे खरोखर आपलीशी केली, त्यांत आग्र्याच्या जाटवांचे स्थान फार वरचे. हातांत कला आहे, बाजारात मागणी आहे, आणि तरीही समाजात प्रतिष्ठा नाही, हा अनुभव त्यांना इतका रोकडा होता की आंबेडकरांचे म्हणणे त्यांना वेगळे समजावून सांगावे लागले नसावे. आपल्या मुलाने रापी हातांत घेऊ नये असे तेथील बापाला वाटू लागले, तर त्यात कलेचा द्वेष नव्हता. त्या कलेला चिकटलेल्या अपमानाचा होता.

१९५६ सालीच राज्य व्यापार महामंडळ स्थापन झाले. सोविएत रशियाकडून जोड्यांची मोठी मागणी या महामंडळामार्फत येई आणि आग्र्यासारख्या केंद्रांतील कारखानदारांत वाटली जाई. आग्र्याचा जोडा मॉस्कोच्या बर्फात चालू लागला, ही नवलाची गोष्ट खरीच. परंतु एकाच गिऱ्हाइकावर विसंबण्याचे फळ पुढे भोगावे लागले. १९९१ साली सोविएत संघ मोडला, आणि त्या मागणीवर उभ्या असलेल्या अनेक कारखान्यांचा आधार गेला.

तथापि या इतिहासाला खरे वळण मिळाले ते १९७२-७३ मध्ये. स्वातंत्र्याला पंचवीस वर्षे झाली, तरी आपण प्रामुख्याने अर्धवट कमावलेले कातडेच बाहेर पाठवीत होतो. त्याचे बूट इटलीत, जर्मनीत, इंग्लंडात होत आणि वाढीव मोल तिकडेच राही. भारत सरकारने १९७२ मध्ये डॉ. सीतारामय्या यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. तिच्या शिफारशींना अनुसरून कच्च्या कातड्यांची निर्यात बंद झाली, अर्धवट कमावलेल्या मालावर मर्यादा आली, आणि तयार माल पाठविणाऱ्याला सवलती मिळाल्या. १९१९ च्या कराने जे साधले नाही, ते या धोरणाने साधले. कारण या वेळी सूट कोणत्याही साम्राज्यासाठी राखलेली नव्हती. मद्रासेत १९४८ साली स्थापन झालेली केंद्रीय चर्म संशोधन संस्था पाठीशी होती. तिचा उपयोग किती, हे १९८९ च्या अखेरीस दिसले. कातड्याला बुरशी लागू नये म्हणून वापरल्या जाणाऱ्या एका रसायनावर जर्मनीने बंदी घातली, आणि आपली निर्यात एकदम अडचणीत आली. संस्थेच्या शास्त्रज्ञांनी पर्यायी उपाय कारखान्यांपर्यंत पोचविले, आणि धंदा सावरला. पालार नदीच्या खोऱ्यातील आंबूर, वाणियंबाडी, राणीपेट ही गावे प्रथम बुटांचे वरचे भाग आणि नंतर पुरे बूट युरोपला पाठवू लागली.

मोल अशा रीतीने घरी आले; पण त्याबरोबर एक ऋणही आले. कातडे कमावण्याचे क्षार आणि क्रोम गंगेत व पालारमध्ये उतरले. १९८७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कानपूरच्या कारखान्यांना सांडपाणी शुद्ध करा अन्यथा काम थांबवा असे बजावले. १९९६ मध्ये वेल्लोरच्या नागरिकांच्या अर्जावर पालारसंबंधीचा प्रसिद्ध निकाल आला, आणि त्याच वर्षी कलकत्त्याच्या टांगरा भागातील कारखाने शहराबाहेर हलविण्याचा हुकूम झाला. युरोपातील अनेक कारखान्यांनी कमावण्याचे घाण काम सोडून दिले होते, ते आपण अंगावर घेतले होते. त्याची किंमत पालारकाठच्या विहिरींनी मोजली.

२००१ मध्ये चामड्याच्या जोड्यांवरील लघुउद्योगांची राखीवता उठली. त्यानंतर तामिळनाडूत चेय्यार येथे तैवानी भांडवलाचे प्रचंड कारखाने उभे राहिले. त्यांत हजारो तरुण स्त्रिया खेळाडूंचे बूट शिवतात, आणि त्या बुटांत कातडे क्वचितच असते. जातीने ठरलेला धंदा अशा रीतीने जातीबाहेर गेला. हे मुक्तीचे लक्षण, की पिढीजात कसबाला मिळालेला निरोप, याचा निर्णय करणे सोपे नाही. आमच्या मते दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत.

आपल्या कोल्हापुरीचेच पाहा. महाराष्ट्र व कर्नाटकातील प्रत्येकी चार जिल्ह्यांना तिचे भौगोलिक मानांकन मिळाले आहे. जून २०२५ मध्ये मिलान येथे प्राडा या इटालियन कंपनीने तशाच घडणीच्या वहाणा मंचावर आणल्या. मूळ गावाचे नाव मात्र प्रथम घेतले नाही. आपल्याकडे गदारोळ झाल्यावर, प्रेरणा भारतीय कारागिरांची असल्याचे कंपनीने मान्य केले. शंभर वर्षांपूर्वी आपले कातडे नाव गमावून परदेशी जात असे. आता आकृतीचीही तीच गत होऊ पाहते. गदारोळ योग्यच होता. पण गदारोळ करणाऱ्यांपैकी कितीजणांनी कोल्हापुरात वहाण घेताना घासाघीस केली नव्हती?

१९१९ चा कर, १९७३ ची बंदी, २००१ ची सोडवणूक, हे सारे निर्णय कोठल्या तरी कचेरीत, कोणाच्या तरी टिपणीवरून झाले. बंदरावर कातडे अडविण्याची ताकद सरकारी कागदात आहे, हे त्यांनी सिद्ध केले. हिंग की मंडीतही सरकारी महामंडळांनी थेट खरेदीचे प्रयत्न करून पाहिले, पण विसाव्या शतकाच्या अखेरीसही परचा चालूच होता. देशाच्या सीमेवर अडविलेले मोल मंडीच्या गादीवर गळत राहिले. सरकारी दौलत म्हणजे काय, हे आम्ही नोकरदार मंडळी रुपयांच्या आकड्यांत मोजतो, आणि निर्यातीचे आकडे खरोखरच अभिमान वाटावा असे आहेत. परंतु टोपली डोक्यावर घेऊन मंडीत शिरणाऱ्या कारागिराला त्या आकड्यांतून त्याच दिवशी रोख हातांत काय पडते, हा रकाना अजून कोणत्याही तक्त्यात भरला गेलेला नाही.