गुळाच्या गावातले खिम्याचे गोळे

कोल्हापूरची पेठ वाढली ती मिरचीवर नव्हे, गुळावर. १८९१ मध्ये मिरजेहून रेल्वे कोल्हापुरात पोचली आणि चारच वर्षांनी, १८९५ साली, शाहू महाराजांनी शाहूपुरीची पेठ वसवली. पंचगंगेच्या, भोगावतीच्या, कुंभी-कासारीच्या काठचा ऊस गुऱ्हाळांवर गाळला जायचा, काहिलीत रस आटायचा, गुळाचे रवे बैलगाड्यांतून पेठेत यायचे आणि सौदे झाले की रेल्वेने मुलूखभर जायचे. २०१४ मध्ये कोल्हापुरी गुळाला भौगोलिक मानांकनही मिळालं. एवढं असूनही बाहेरच्या माणसापुढे कोल्हापूरचं नाव काढलं, की त्याला आठवतो रश्श्यावरचा लालभडक कट आणि कपाळावरचा घाम.

या समजुतीला हॉटेलवाल्यांनी खतपाणी घातलं. दिल्लीपासून बंगळुरूपर्यंतच्या मेनूकार्डांवर ‘व्हेज कोल्हापुरी’ नावाची एक भाजी असते. कोल्हापुरातल्या घरात ती कुणी रांधत नाही. ‘कोल्हापुरी’ म्हणजे तिखट, एवढाच त्या नावाचा अर्थ उरला आहे. खुद्द कोल्हापूरच्या ताटात तांबड्या रश्श्याशेजारी पांढरा रस्सा असतो. मटणाच्या अळणी पाण्यात नारळाचं दूध, खसखस, तीळ आणि काजू घालून केलेला हा रस्सा लहान मूलही वाटीने पितं. तिखटाचा एवढा गवगवा झाला, की मटणाला आंबटाची आणि गोडाची जोड देण्याची दख्खनची जुनी रीत झाकोळून गेली. खिम्याचे गोळे वळायचे आणि ते कैरीच्या, चिंचेच्या किंवा अननसाच्या गूळ घातलेल्या रसात सोडायचे, हे आज ऐकणाऱ्याला परदेशी वाटतं. प्रत्यक्षात या पदार्थाचा एकेक भाग कोल्हापूरच्या मुलखात कधी ना कधी येऊन मुरलेला आहे.

सुरुवात बरीच मागून करावी लागते. सुश्रुतसंहितेच्या सूत्रस्थानात ‘वेसवार’ नावाची एक कृती आहे. हाडं काढलेलं मांस नीट शिजवायचं, पाट्यावर पुन्हा वाटायचं, त्यात पिंपळी, सुंठ, मिरी, गूळ आणि तूप घालायचं आणि सगळं एकत्र शिजवायचं. वाटलेलं मांस, तिखटासाठी मिरी-पिंपळी आणि बरोबरीने गूळ! वैद्यांनी हा पदार्थ पचायला जड पण ताकद देणारा मानला. मिरची तेव्हा या देशात नव्हतीच. मांसाशेजारी गूळ आला तर नाक मुरडावं, असं मात्र त्या काळच्या कुणाला वाटलेलं दिसत नाही.

पुढचा मुक्काम कोल्हापूरच्या आणखी जवळचा. बाराव्या शतकात कोल्हापूर आणि पन्हाळ्याच्या परिसरावर शिलाहारांची सत्ता होती आणि हे शिलाहार कल्याणीच्या चालुक्यांचे मांडलिक होते. नातं लग्नसंबंधाचंही होतं. चालुक्य विक्रमादित्य सहावा याने कऱ्हाडच्या शिलाहार घराण्यातली राजकन्या केली होती. याच विक्रमादित्याचा मुलगा तिसरा सोमेश्वर. त्याने ११२९ ते ११३१ च्या सुमारास ‘मानसोल्लास’ हा संस्कृत ग्रंथ सिद्ध केला. राजाने कसं राहावं, काय भोगावं, काय खावं याचा तो कोशच आहे. त्यातल्या अन्नभोगाच्या भागात मांसाच्या कृती हात सैल सोडून सांगितल्या आहेत. निखाऱ्यावर भाजलेलं मांस आहे, बोराएवढे तुकडे करून शिजवलेलं आहे, वाटून मसाला घातलेलं मांस वांग्यात भरून तळलेलं आहे. रक्तासह शिजवलेलं मांसही आहे. आज बकरं पडल्यावर कोल्हापुरात रक्ती-मुंडीसाठी जी लगबग उडते, ती पाहून सोमेश्वराच्या आचाऱ्याला नवल वाटलं नसतं. आंबटपणासाठी त्याच्या हाताशी होती ती फळंच.

गोल वळलेला, रश्श्यात शिजलेला कोफ्ता मात्र पश्चिमेकडून आला. १२२६ साली बगदादमध्ये मुहम्मद बिन अल-हसन अल-बगदादी याने अरबी पाककृतींचं पुस्तक लिहिलं. त्यात डाळिंबाच्या, सफरचंदाच्या, जर्दाळूच्या रसात शिजवलेल्या मांसाच्या कृती आहेत आणि पातेल्यात मांसाच्या तुकड्यांबरोबर खिम्याचे गोळे सोडायला तो वारंवार सांगतो. इराणी आणि तुर्की दरबारांमधून ही चव हिंदुस्थानात उतरली. माळव्यातल्या मांडूच्या सुलतानांसाठी १५०० च्या आसपास तयार झालेल्या ‘निमतनामा’ या सचित्र पोथीत खिम्याच्या कृतींची रेलचेल आहे. दख्खनमध्ये १३४७ पासून बहमनी आणि १४९० च्या सुमारापासून १६८६ पर्यंत विजापूरचे आदिलशाह राज्य करत होते. पन्हाळा हे त्यांचं पश्चिमेकडचं मोठं ठाणं. फौजेबरोबर, सरदारांच्या मुदपाकखान्यांबरोबर कोफ्ता या डोंगरी मुलखात पोचला.

इथे आल्यावर त्याचं फळ बदललं. दख्खनच्या पठारावर जर्दाळू पिकत नाही आणि सफरचंद तर नाहीच. पण आंबटाला तोटा नव्हता. चिंच होती, कैरी होती, अंबाडा होता, घाटाखालून येणारी आमसुलं होती. गगनबावड्याच्या, फोंड्याच्या, आंबा घाटाच्या वाटांनी कोकणातून मीठ, मासळी, नारळ वर चढायचा आणि धान्य-गूळ खाली उतरायचा. दख्खनी मुसलमान घरांत कैरी घातलेलं गोश्त ही उन्हाळ्याची ठरलेली गोष्ट झाली ती अशी. कैरीच्या आंबटाला बोचरेपणा असतो. तो मोडायला गुळाचा खडा लागतोच. कोल्हापुरात तो कधीच लांबून आणावा लागला नाही.

अननस आला समुद्रावरून. मूळचा दक्षिण अमेरिकेतला हा पाहुणा सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी हिंदुस्थानच्या किनाऱ्यावर आणला. शतक संपायच्या आत तो अकबराच्या दरबारापर्यंत पोचला. ‘आइन-ए-अकबरी’त त्याची नोंद आहे. फिरंग्यांच्या बंदरांतून येणारं हे फळ आता आग्र्याच्या बागेत हजारोंनी पिकतं, असं जहांगीर आपल्या आठवणींत लिहितो. गोवा आणि दक्षिण कोकणच्या दमट मातीत तर तो घरच्यासारखा रुजला. गोव्यातल्या सारस्वत घरांत मोहरी, खोबरं आणि गूळ घालून अननसाचं सासव होतं. मुंबईच्या पाठारे प्रभूंनी अननस थेट कोळंबीच्या सांबाऱ्यात घातला. गोव्याच्या सीमेजवळचं चंदगड कोल्हापूर जिल्ह्यातच येतं, हे इथे लक्षात घ्यायला हवं.

आता गंमत पाहा. ज्या पोर्तुगीज जहाजांच्या वाटेने अननस आला, त्याच वाटेने मिरचीही आली. तीही अमेरिकेचीच. म्हणजे तांबड्या रश्श्याचा तांबडा रंग आणि अननसाची फोड ही वयाने बरोबरीची भावंडं आहेत. त्यातल्या एकीला कोल्हापूरने घराची मालकी दिली. संकेश्वरी आणि ब्याडगी मिरच्या, कांदा, लसूण, सुकं खोबरं, धणे, तीळ आणि खडा मसाला यांचं कुटून ठेवलेलं मिश्रण इथे ‘चटणी’ म्हणून वर्षाचं भरलं जातं, आणि ती बरणी नसलेलं घर शोधून सापडणार नाही. दुसरं भावंड फळांच्या गाडीवर, मीठ-तिखट लावून, उभ्या उभ्या खाण्यापुरतं राहिलं. पदार्थ परका ठरतो तो वयाने नव्हे, सवयीने.

आणि सवय म्हणावी तर गावात त्यासाठी लागणारे हात पूर्वीपासून शेजारी शेजारी आहेत. मटण खाटकाकडचं, फळं बागवानाकडची. कोल्हापुरातला फळांचा व्यापार पिढ्यान् पिढ्या बागवान मुसलमानांनी सांभाळला आहे. इथल्या बाबूजमाल दर्ग्याच्या चौकटीवर गणपती आहे, आणि मोहरम व गणेशोत्सव एकत्र आले, तेव्हा एकाच मांडवात पंजा आणि गणपती बसवलेले कोल्हापूरकरांनी पाहिले आहेत. १९०६ मध्ये शाहू महाराजांच्या आश्रयाने मुस्लिम बोर्डिंग उभं राहिलं ते याच गावात. अशा ठिकाणी पाककृतींना घर बदलायला वेळ लागत नाही. कोफ्ते ‘खिम्याचे गोळे’ झाले आणि मराठा घरांतल्या चटणीच्या रश्श्यात शिजू लागले.

गोळे करणं हे हाताचं काम आहे, आणि त्यात घाई चालत नाही. खिमा रानाचा घ्यावा, खाटकाकडून दोनदा बारीक करून आणावा आणि धुतलाच तर चाळणीत निथळून कोरडा करावा. पाणी राहिलं की गोळा फुटलाच. त्यात आलं-लसूण, हिरवी मिरची, कोथिंबीर, भाजलेली खसखस आणि बांधण्यासाठी डाळ्याचं पीठ. मीठ आधी घालायचं आणि मग मळायचं, कारण मिठामुळे मांसातली चिकट प्रथिनं सुटतात आणि तीच गोळ्याला धरून ठेवतात. खिमा बोटांना चिकटू लागला म्हणजे मळणं झालं. हाताला तेल लावून लिंबाएवढे गोळे वळायचे, भेगा बुजवायच्या. रस्सा खळखळत असतानाच एकेक गोळा कडेने सोडायचा. आणि मग पळी बाजूला ठेवायची! पहिली दहा मिनिटं ढवळायचं नाही. पातेलं दोन्ही बाजूंनी फडक्याने धरून हलकेच हिंदळायचं. बाहेरून गोळा आवळला, रंग फिरला, की झाकण.

फळाचा रस स्वतंत्र करायचा. कैरी असेल तर उकडून गर काढावा, तेलात मोहरी आणि मेथीचे चार दाणे तडतडवावेत, गर परतावा, गूळ घालावा, चमचाभर चटणी घालावी. अननस असेल तर एक पथ्य पाळावंच लागतं. कच्च्या अननसात ब्रोमेलिन नावाचं विकर असतं, ते मांसातली प्रथिनं तोडतं. कच्चा रस खिम्यात मुरवला तर गोळ्याचा लगदा होतो. म्हणून फोडी आधी गुळात चांगल्या उकळून घ्यायच्या. उष्णतेने विकर निकामी होतं, आंबट-गोड चव तेवढी राहते. कबाबाला कच्च्या पपईचा कीस लावतात त्यामागे हेच शास्त्र आहे, तिथे ते कामाला लावतात आणि इथे ते आवरायचं असतं.

छापील मराठीत मांसाहारी पाककृतींना मानाचं पान मिळालं ते १९१० साली, लक्ष्मीबाई धुरंधर यांच्या ‘गृहिणीमित्र अथवा हजार पाकक्रिया’ या पुस्तकाने. त्याआधी तंजावरला दुसऱ्या सरफोजी राजांच्या दरबारात ‘सरभेंद्र पाकशास्त्र’ मराठीतच लिहिलं गेलं होतं. म्हणजे मराठी माणूस मटणाची कृती लिहून ठेवत नव्हता, असं नाही. गोळ्यांचा प्रवासही चालूच राहिला. साहेबी अमलात अँग्लो-इंडियन घरांनी कोफ्त्याच्या रश्श्याला ‘बॉल करी’ म्हणून रविवारच्या जेवणाचा मान दिला, आणि तिच्या शेजारी पिवळा भात आला.

आज कोल्हापूरच्या तरुणाला गोळा आणि आंबट-गोड रस यांची जोडी भेटते ती चायनीजच्या गाडीवर. मंचुरियनचा जनक म्हणून ज्यांचं नाव घेतलं जातं ते नेल्सन वांग कोलकात्यात जन्मलेले. १९७५ मध्ये मुंबईच्या क्रिकेट क्लब ऑफ इंडियात त्यांनी तो पहिल्यांदा केल्याचं सांगितलं जातं. आलं, लसूण, हिरवी मिरची आणि सोया सॉस एवढ्या भांडवलावर तो पदार्थ गल्लोगल्ली पोचला. हॉटेलच्या ‘स्वीट अँड सावर’मध्ये अननसाच्या डबाबंद फोडी आणि पांढरी साखर असते. ते खाणारा ग्राहक त्याला चिनी समजून खातो आणि मटणात गूळ म्हटलं की तोच दचकतो.

वास्तविक हा प्रयोग कोल्हापुरात करणं सगळ्यात सोपं आहे. चैत्र-वैशाखात कोकणची कैरी बाजारात येते, गूळ बारा महिने असतो, आणि इथल्या मटणाबद्दल काही सांगायलाच नको. तांबडा-पांढरा बारमाही राहूदेच. पण गावातल्या खानावळींनी उन्हाळ्याचे दोन महिने फलकावर ‘कैरी-गुळातले खिम्याचे गोळे’ अशी एक ओळ वाढवून पाहावी, आणि ज्या घरांत आजी-पणजीच्या हातचा असा आंबट-गोड रस्सा अजून होतो, त्यांनी तो मापासकट वहीत उतरवून ठेवावा.